पत्रिका आणि पंचांग : ‘अँटिबायोग्राम’ ह्या शब्दाची कथा

रुग्णालयाच्या प्रयोगशाळेतून मिळणारा एक कागद अलीकडे घराघरांत परिचयाचा झाला आहे. त्याच्या डाव्या बाजूस औषधांची नावे एकाखाली एक लिहिलेली असतात आणि प्रत्येक नावासमोर एस्, आय् अथवा आर् ह्यांपैकी एक अक्षर असते. पुण्यात काय किंवा उज्जैनमध्ये काय, लोक त्याला ‘कल्चर-सेन्सिटिव्हिटीचा रिपोर्ट’ म्हणतात; घाईच्या बोलण्यात त्याचे नुसते ‘कल्चर’ होते. एस् म्हणजे सेन्सिटिव्ह, आर् म्हणजे रेझिस्टंट आणि आय् म्हणजे ह्या दोहोंच्या मधले काहीतरी, एवढे बहुतेकांस ऐकून माहीत असते. परंतु सेन्सिटिव्ह कोण आणि कशाला, असा प्रश्न केला तर उत्तरे निरनिराळी मिळतात. पुष्कळांची समजूत अशी की, ज्या औषधासमोर ‘सेन्सिटिव्ह’ लिहिले आहे ते आजाऱ्यास सोसत नाही, सबब ते टाळावे. वस्तुस्थिती नेमकी उलट आहे. ज्या औषधासमोर ते अक्षर आहे, त्या औषधाने आजार हटण्याचा संभव अधिक असतो.

ही चूक अडाणीपणाची नव्हे. तिचे मूळ शब्दाच्या वापरातच आहे. पेनिसिलिनचे इंजेक्शन देण्यापूर्वी त्याचा किंचित अंश कातडीखाली टोचून पाहण्याची पद्धत आपल्याकडे जुनी आहे, आणि त्या परीक्षेलाही लोक ‘सेन्सिटिव्हिटी’ असेच म्हणत आले. तेथे परीक्षा माणसाची होते. त्याच्या अंगावर गांधी उठली की औषध बंद. प्रयोगशाळेतल्या दुसऱ्या परीक्षेत मात्र माणसाचा संबंध एवढाच की, त्याच्या रक्तातून, लघवीतून किंवा पुवातून जंतू मिळवलेला असतो. परीक्षा होते ती जंतूची. पहिल्या परीक्षेत ‘सेन्सिटिव्ह’ ही धोक्याची खूण आहे, दुसरीत ती आशेची खूण आहे. एकच शब्द दोन उलट कामे करू लागला, तर घरच्या माणसांनी गोंधळावे ह्यात नवल नाही.

पाठ्यपुस्तकांनी ह्या परीक्षेला ‘संवेदनशीलता चाचणी’ असे मराठी नाव दिले. संस्कृताच्या दृष्टीने ते निर्दोष आहे; पण संवेदनशील म्हटले की मराठी माणसाच्या डोळ्यांपुढे कवी येतो, जंतू येत नाही. खरे म्हणजे ह्या अर्थाचा सरळ प्रयोग आपल्या भाषेत पूर्वीपासून नांदत आहे. ‘ताप औषधाला दाद देत नाही’, असे कोणतीही आजी म्हणते. जंतू औषधाला दाद देतो की नाही, एवढेच ह्या परीक्षेत पाहावयाचे असते. एस् म्हणजे दाद देतो; आर् म्हणजे दाद देत नाही. असे वाचले की वाक्याचा कर्ता जंतू आहे, हे आपोआप ध्यानी येते. इंग्रजीतही ‘सेन्सिटिव्हिटी’ हा जुना शब्द शास्त्रीय लेखनातून मागे पडला आणि ‘ससेप्टिबिलिटी’ हा शब्द पुढे आला. आपल्या बोलण्यात मात्र जुना शब्द पक्का रुजून राहिला.

ह्या परीक्षेच्या निष्कर्षाला आणखी एक भारदस्त नाव आहे : अँटिबायोग्राम. त्यातील ‘ग्राम’चा वजनाच्या मापाशी किंवा खेड्याशी काही संबंध नाही. टेलिग्राम आणि कार्डिओग्राम ह्या शब्दांत जो आहे तोच हा ग्रीक ‘ग्राम’, म्हणजे लिहिलेले, रेखाटलेले. ‘अँटिबायो’चे कूळ फ्रेंच आहे. एका जीवाने दुसऱ्या जीवाचा नाश करून आपण जगावे, ह्या व्यवहाराला पॉल व्हुइमाँ ह्या फ्रेंच शास्त्रज्ञाने १८८९ साली ‘अँटिबिओज’ असे नाव दिले. पुढे अर्धशतकाने, १९४० नंतरच्या पहिल्या दोन-तीन वर्षांत, अमेरिकेतील सेल्मन वाक्समन ह्यांनी एका सूक्ष्म जीवाने निर्माण केलेल्या आणि दुसऱ्याला मारक ठरणाऱ्या द्रव्यास ‘अँटिबायॉटिक’ म्हणण्यास आरंभ केला. मराठीत त्याचे ‘प्रतिजैविक’ झाले. तेव्हा अँटिबायोग्राम म्हणजे प्रतिजैविकांचा लेख : कोणते प्रतिजैविक चालते आणि कोणते चालत नाही, ह्याची लेखी नोंद.

ही नोंद करावयाची म्हणजे जंतू प्रथम वाढवावे लागतात. त्यासाठी लागणारी खळ एका गृहिणीच्या अनुभवातून शास्त्राला मिळाली. रॉबर्ट कॉख ह्यांच्या प्रयोगशाळेत काम करणाऱ्या वाल्टर हेसे ह्यांच्या पत्नी फॅनी हेसे ह्यांनी १८८१ च्या सुमारास सुचविले की, उन्हाळ्यात जिलेटिन वितळत असेल तर आगर वापरून पाहावे. आगर म्हणजे समुद्रातील शेवाळापासून केलेला, आपल्या स्वयंपाकघरात ‘चायना ग्रास’ म्हणून येणारा पदार्थ. १८८७ साली युलिउस पेट्री ह्यांनी झाकणाची उथळ काचबशी योजिली. ही बशी आणि त्यातील आगर, ही जोडी आजतागायत टिकून आहे.

अशाच एका बशीत १९२८ साली लंडनच्या सेंट मेरीज रुग्णालयात अलेक्झांडर फ्लेमिंग ह्यांना बुरशीभोवतीचे जंतू विरघळलेले दिसले. त्या बुरशीने ज्याच्या योगे जंतू मारले, ते द्रव्य पेनिसिलिन. हे द्रव्य सर्वच जंतूंना मारत नाही, हेही फ्लेमिंगच्या लगेच ध्यानी आले. आगरात चर पाडून त्यात ते द्रव्य भरावयाचे आणि निरनिराळे जंतू चराला काटकोनात रेघेने ओढावयाचे. जो चरापर्यंत वाढत येतो तो दाद देत नाही, जो दूर थबकतो तो दाद देतो. आज आपल्या हाती येणाऱ्या कागदाचा हा मूळपुरुष म्हणावयास हरकत नाही. १९४० नंतर चराच्या जागी औषधात भिजविलेल्या टीपकागदाच्या चकत्या आल्या. एका बशीत अनेक चकत्या ठेवता येऊ लागल्या आणि एकाच वेळी अनेक औषधांची परीक्षा सोपी झाली.

भारतातही लवकरच प्रतिजैविकांचा काळ सुरू झाला. पुण्याजवळ पिंपरी येथे हिंदुस्थान अँटिबायॉटिक्स हा सरकारी कारखाना १९५४ साली स्थापन झाला आणि १९५५ मध्ये तेथे पेनिसिलिन तयार होऊ लागले. परदेशातून येणारे महाग औषध ह्या देशात निघू लागले, ही गोष्ट लहान नव्हती. परंतु औषध जेवढ्या झपाट्याने पसरले, तेवढ्या झपाट्याने त्याची परीक्षा पसरली नाही. आणि जेथे पसरली तेथेही तिच्यात एकवाक्यता नव्हती. कोणाच्या चकतीत औषध अधिक, कोणाच्या चकतीत उणे. कोणाची खळ जाड, कोणाची पातळ. त्यामुळे एका प्रयोगशाळेतील ‘दाद देतो’ दुसऱ्या प्रयोगशाळेत ‘दाद देत नाही’ ठरू शके. जागतिक आरोग्य संघटनेच्या तज्ज्ञ समितीने १९६१ साली ह्या परीक्षेच्या प्रमाणीकरणाची निकड जाहीरपणे मांडली. १९६६ साली अमेरिकेतील सिअ‍ॅटल येथील बाउअर, कर्बी, शेरिस आणि टर्क ह्या चौघांनी ठरीव पद्धत प्रसिद्ध केली. चौघांपैकी दोघांचीच नावे प्रचारात राहिली आणि पद्धत ‘कर्बी-बाउअर’ म्हणून जगभर गेली.

ह्या पद्धतीत प्रत्येक गोष्टीला माप आहे. खळ म्यूलर-हिंटन ह्या नावाची आणि ४ मिलिमीटर जाडीची. जंतूंचे पाणी ठरावीक गढूळपणाचे. त्या गढूळपणाचे प्रमाणही मॅकफार्लंड ह्यांच्या नावाने ठरलेले. चकती ६ मिलिमीटर व्यासाची आणि तिच्यातील औषध मोजलेले. बशी सुमारे ३५ अंश सेल्सिअस उष्णतेत सोळा ते अठरा तास ठेवावयाची. दुसऱ्या दिवशी जंतूंचा पांढरट थर बशीभर पसरलेला दिसतो आणि काही चकत्यांभोवती स्वच्छ वर्तुळे पडलेली असतात. त्या वर्तुळांचा व्यास मिलिमीटरमध्ये मोजतात आणि कोष्टकाशी ताडून एस्, आय् किंवा आर् लिहितात. कागदावर आपल्याला अक्षर दिसते. त्या अक्षरामागे एक मोजलेली लांबी असते.

मोजमाप एका ठिकाणाशी बांधून घेण्याचे महत्त्व उज्जैनला निराळे सांगावयास नको. प्राचीन भारतीय ज्योतिर्गणिताची मध्यरेखा उज्जयिनीवरून जाते असे मानले होते. सहाव्या शतकातील वराहमिहिराचे नाव ह्याच नगरीशी जोडलेले आहे. अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात जयपूरच्या सवाई जयसिंहाने येथे वेधशाळा उभारली, आणि त्याच सुमारास राणोजी शिंद्यांच्या हाती हा मुलूख येऊन उज्जैन शिंदेशाहीचे ठाणे झाले. १८१० साली दौलतराव शिंद्यांनी राजधानी ग्वाल्हेरास नेली. परंतु जीर्ण झालेल्या ह्या वेधशाळेची १९२३ साली दुरुस्ती झाली ती माधवराव शिंद्यांच्याच आज्ञेने. गावोगावचे ज्योतिषी आपापल्या गावाचे अंतर उज्जयिनीच्या रेषेपासून मोजत. म्हणून एकाचे गणित दुसऱ्यास पडताळता येई. कर्बी-बाउअर पद्धतीने जंतुशास्त्रात हेच केले. सर्वांनी एकाच रेषेपासून मोजले, तरच एका गावाचा आकडा दुसऱ्या गावाच्या आकड्याशेजारी ठेवता येतो.

अर्थात माप स्थिर असले तरी मर्यादा स्थिर नसतात. आतड्यातील जंतूंच्या कुळाविरुद्ध सिप्रोफ्लॉक्सासिन ह्या औषधाची परीक्षा घेताना अमेरिकन कोष्टकाप्रमाणे, विषमज्वराचा गट वगळता, २१ मिलिमीटर वा अधिक व्यासाचे वर्तुळ पडले की ‘दाद देतो’ असे लिहीत. २०१९ साली ही मर्यादा २६ मिलिमीटरवर नेण्यात आली. ज्या जंतूभोवती २३ मिलिमीटरचे वर्तुळ पडते, त्याला २०१८ साली एस् मिळाला असता. २०१९ साली त्यालाच आय् मिळू लागला. जंतू तोच, बशी तीच, वर्तुळ तेच; बदलला तो अनुभवाने आलेला सावधपणा, कारण जुन्या मर्यादेवर विसंबून दिलेले औषध कित्येकदा अपुरे पडते असे दिसून आले होते. त्याच वर्षी युरोपातील समितीने आय् ह्या अक्षराचा अर्थच पालटला. ‘मधला’ हा संदिग्ध अर्थ सोडून, ‘औषधाची मात्रा वाढविल्यास, किंवा ते आजाराच्या जागी अधिक पोहोचल्यास दाद देतो’ असा अर्थ तिने ठरविला. मधले अक्षर म्हणजे शंकेचे अक्षर नव्हे. ते मात्रेविषयीची सूचना आहे. जुन्या कागदावरून नव्या आजाराचे औषध घेऊ नये, ह्याचे हेही एक कारण आहे.

आता मूळ शब्दाकडे येऊ. अँटिबायोग्राम ह्या शब्दाला दोन अर्थ आहेत. फ्रान्समध्ये आणि युरोपच्या बऱ्याच भागांत तो एका रुग्णाच्या एका जंतूच्या परीक्षेस लावतात. इंग्रजी बोलणाऱ्या देशांतील रुग्णालयांत मात्र त्याचा रूढ अर्थ व्यापक झाला : एका रुग्णालयात अथवा एका प्रदेशात वर्षभरात जेवढे जंतू सापडले, त्यांपैकी शेकडा किती कोणत्या औषधाला दाद देतात, ह्याचे एकत्रित कोष्टक. आपल्या वैद्यकीय लेखनात हे दोन्ही अर्थ आढळतात.

पंचांगाच्या गावी ह्या दोन अर्थांना दोन चांगल्या उपमा सापडतात. पहिला अर्थ म्हणजे जन्मपत्रिका. ती एकाची असते. दुसऱ्याच्या उपयोगी पडत नाही. दुसरा अर्थ म्हणजे पंचांग. ते एका स्थळाचे आणि एका वर्षाचे असते. त्या स्थळी राहणाऱ्या सर्वांच्या उपयोगी पडते. मुंबईचा आणि नागपूरचा सूर्योदय ह्यांत पंचवीसेक मिनिटांचे अंतर असते, म्हणून एका शहराचे पंचांग दुसऱ्या शहरास तसेच्या तसे लागू पडत नाही. जंतूंचेही तसेच आहे. लंडनच्या रुग्णालयाचे कोष्टक उज्जैनला चालत नाही. इतकेच नव्हे, तर इंदूरचेही चालेलच असे नाही. उपमा येथेच थांबते. पत्रिकेतून भविष्य सांगतात. अँटिबायोग्राम मागे काय घडले तेवढेच सांगतो आणि पुढचा अंदाज वैद्यावर सोपवितो.

हे पंचांग करण्याचे नियम ह्या शतकाच्या आरंभी अमेरिकेतील प्रमाण-संस्थेने लिहून काढले आणि ते इतरत्रही पाळले जाऊ लागले. कोष्टक निदान वर्षातून एकदा करावे. एका रुग्णाचा तोच जंतू दहा वेळा सापडला, तरी मोजताना पहिलाच धरावा. नाहीतर दीर्घकाळ अंथरुणास खिळलेला एकच रुग्ण सबंध शहराचे चित्र बिघडवून टाकील. एका जातीचे तीस तरी नमुने असल्याशिवाय त्या जातीची टक्केवारी सांगू नये.

आणि ह्या पंचांगाची गरज काय? गरज वेळेची आहे. तापाने फणफणलेले तान्हे मूल रुग्णालयात आणले की डॉक्टर रक्ताचा नमुना घेतात. पण त्यातील जंतू वाढून त्याची परीक्षा पुरी होण्यास दोन-तीन दिवस लागतात. मूल तेवढे थांबू शकत नाही. औषध त्याच तासाला सुरू करावे लागते आणि ते अंदाजाने निवडावे लागते. मानू या की, त्या गावी अशा आजारात आढळणाऱ्या शंभर जंतूंपैकी चाळीसच एका नेहमीच्या औषधाला दाद देतात. ज्या डॉक्टरांपुढे हा आकडा आहे ते दुसरे औषध निवडतील. ज्यांच्यापुढे तो नाही ते नेहमीचेच औषध देतील, आणि शंभरांतील साठ मुलांचे पहिले दोन-तीन दिवस वाया जातील. पत्रिका हाती येईपर्यंत पंचांगावर चालावे लागते. आणि पंचांग तयार होते ते आधीच्या रुग्णांच्या पत्रिकांतून. म्हणून आज एका रुग्णाची परीक्षा झाली, तर तिचा लाभ पुढच्या वर्षी त्याच्या अनोळखी शेजाऱ्यालाही होतो.

उज्जैनमध्ये ह्या विषयाचा अभ्यास चांगल्या रीतीने झाला आहे. आगर मार्गावरील सुरासा येथे २००१ साली रुक्मणीबेन दीपचंद गार्डी वैद्यकीय महाविद्यालय सुरू झाले. तेथील अध्यापकांनी स्वीडनच्या कॅरोलिन्स्का संस्थेच्या सहकार्याने प्रतिजैविकांच्या वापराचा आणि जंतूंच्या बदलत्या स्वभावाचा शोध घेतला. २०१० साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात उज्जैनमधील एक महिना ते पाच वर्षे वयाच्या १,५६२ निरोगी बालकांच्या नाकातील नमुने तपासले होते. परीक्षा कर्बी-बाउअर पद्धतीचीच होती. त्यांपैकी ६.३ टक्के, म्हणजे अठ्ठ्याण्णवच्या आसपास, बालकांच्या नाकात स्टॅफिलोकोकस ऑरियस हा गळवे आणि जखमा चिघळविणारा जंतू सापडला. आणि सापडलेल्या ह्या जंतूंपैकी १६.३ टक्के मेथिसिलीन ह्या औषधाच्या गटाला दाद न देणारे होते.

आकडे मोठे नाहीत, पण ती मुले आजारी नव्हती हे लक्षात घेतले पाहिजे. बालवाडीत किंवा शाळेत जाणाऱ्या आणि दहांहून अधिक माणसांच्या कुटुंबात राहणाऱ्या मुलांमध्ये हा जंतू अधिक आढळला. म्हणजे एकत्र बसणे, एकत्र निजणे, एकत्र खेळणे, ह्या आपल्या जीवनातील चांगल्या गोष्टींच्या वाटेनेच तो एका नाकातून दुसऱ्या नाकात जातो. ‘शरीराला औषधाची सवय झाली’, असे आपण म्हणतो तेव्हा हा मुद्दा निसटतो. सवय शरीराला होत नाही. जंतू बदलतो, आणि बदललेला जंतू घर सोडून शेजारी जातो. ‘आमच्या घरी कोणी फारशी औषधे घेत नाही, आम्हांस काय भीती?’ ह्या प्रश्नाचे उत्तर त्या नाकांत आहे.

फ्लेमिंग ह्यांना हे अगोदरच दिसले होते. ११ डिसेंबर १९४५ रोजी नोबेल पारितोषिकाच्या प्रसंगी दिलेल्या व्याख्यानात त्यांनी एक कल्पित उदाहरण सांगितले. एका गृहस्थाचा घसा दुखतो. तो पेनिसिलिन विकत आणून घेतो, पण अपुरे घेतो. जंतू मरत नाहीत, उलट पेनिसिलिनला तोंड देण्यास शिकतात. मग तेच जंतू त्याच्या पत्नीच्या अंगात शिरतात. तिला न्यूमोनिया होतो, पेनिसिलिन लागू पडत नाही आणि ती मरण पावते. चूक एकाची आणि शिक्षा दुसऱ्यास, हे ह्या प्रश्नाचे खरे स्वरूप त्यांनी तेव्हाच ओळखले होते.

माणसाच्या अंगातून हा मामला पाण्यात उतरतो. उज्जैनमधील एका रुग्णालयाच्या सांडपाण्याची तपासणी करून २०१० साली प्रसिद्ध झालेल्या निबंधात आठ प्रतिजैविकांचे अंश नोंदले आहेत. त्यांचे प्रमाण एका लिटरमागे १.४ पासून २३६.६ मायक्रोग्रॅमपर्यंत होते. पुढे क्षिप्रा नदीच्या अभ्यासाची आखणी झाली. नदीवरील सात ठिकाणांहून, निरनिराळ्या ऋतूंत, तीन वर्षे पाण्याचे आणि गाळाचे नमुने घ्यावयाचे आणि सामुदायिक स्नानांच्या वेळी जादा नमुने घ्यावयाचे, असा आराखडा २०१७ साली प्रसिद्ध झाला. २०१८ पासून निष्कर्ष येऊ लागले. नदीत प्रतिजैविकांचे अंश आढळले आणि अनेक औषधांना दाद न देणारे ई. कोलाय हे आतड्यातील जंतूही आढळले. ह्यात भाविकांस दोष देण्याचे कारण नाही. स्नानास येणारा पाणी घेऊन येत नाही; नदीत वर्षभर जे सोडले जाते त्यातच तो बुडी मारतो. गुरू सिंह राशीत आला की येथे सिंहस्थ भरतो. २००४ आणि २०१६ नंतरची पाळी २०२८ ची आहे. लक्षावधी माणसे एका घाटावर येऊन पुन्हा आपापल्या गावी जाणार असतील, तर घाटावरचे पंचांग केवळ उज्जैनचे राहत नाही.

येथे एका अडचणीचाही निर्देश केला पाहिजे. आपल्याकडे जंतूची परीक्षा पुष्कळदा शेवटी होते. दोन औषधे घेऊन झाली, तिसरे चालले नाही, मग ‘कल्चर’ करू या, असा क्रम असतो. कारण परीक्षेला पैसे पडतात आणि थांबावे लागते. त्यामुळे कोष्टकात मुख्यतः तेच जंतू जमा होतात, जे अगोदरच औषधांना पुरून उरले आहेत. असे पंचांग वास्तवाहून अधिक काळे दिसते. ते पाहून डॉक्टर अधिक प्रखर औषध निवडतात. त्या औषधालाही जंतू सरावतात. आणि काळे चित्र खरे होऊ लागते. ह्यावर उपाय म्हणजे परीक्षा लवकर आणि अधिक जणांची होणे. पहिल्या औषधाआधी नमुना घेतलेल्या साध्या रुग्णाची पत्रिकाही कोष्टकात आली पाहिजे. निरोगी बालकांच्या अभ्यासाचे मोल ह्यासाठीच मोठे आहे. त्याने रुग्णालयाबाहेरची बाजू दाखविली.

सरकारनेही ह्या दिशेने पावले टाकली आहेत. मार्च २०१४ पासून तिसऱ्या-चौथ्या पिढीची कित्येक प्रतिजैविके ‘एच्-१’ अनुसूचीत आली. ती विकताना दुकानदाराने रुग्णाचे, डॉक्टरचे आणि औषधाचे नाव वहीत नोंदलेच पाहिजे असा नियम झाला. एप्रिल २०१७ मध्ये राष्ट्रीय कृती-आराखडा आला. राज्यांमध्ये केरळाने २०१८ साली आणि मध्य प्रदेशाने २०१९ साली आपापला आराखडा जाहीर केला. केरळाने पुढे जाऊन निरनिराळ्या प्रयोगशाळांचे आकडे एकत्र केले आणि सबंध राज्याचा अँटिबायोग्राम प्रसिद्ध केला. म्हणजे पत्रिकांतून पंचांग करण्याचे काम मोठ्या प्रमाणावर होऊ शकते, हे ह्या देशातच सिद्ध झाले आहे.

सामान्य माणसाने ह्यात काय करावयाचे, असा प्रश्न उरतो. कागद हाती आला की प्रथम एवढे स्मरावे की, ही अक्षरे जंतूविषयी आहेत, आपल्याविषयी नव्हेत. एखादे औषध आपणास खरोखरच सोसत नसेल, तर ते ह्या कागदावर लिहिलेले नसते. ते डॉक्टरांना तोंडाने सांगितले पाहिजे. जंतू दाद देत असला तरी आपले शरीर ते औषध सोसत नसेल, तर ते घेता येणार नाही. आपल्या कागदावरील एस् पाहून शेजाऱ्यास ते औषध सुचवू नये. पत्रिका एकाचीच असते. डॉक्टरांनी ‘आधी नमुना देऊ, मग औषध सुरू करू’ असे म्हटले, तर तो खर्च वाढविण्याचा डाव आहे असे समजू नये. आणि जंतू दाद देतो आहे असे ठरल्यावर, बरे वाटू लागले म्हणून औषध मध्येच सोडू नये किंवा उरलेल्या गोळ्या पुढच्या तापासाठी डब्यात जपून ठेवू नयेत. ते किती दिवस घ्यावयाचे हे डॉक्टरांनी ठरवावयाचे आहे. फ्लेमिंगच्या कथेतील गृहस्थाने हा एवढाच नियम मोडला होता.